एका बाहीने काळा, बाकी हिरवा

मी एक जुना हिरवा कोट आहे. १९६६ सालच्या नोव्हेंबरात, फ्रान्समधल्या ब्रिटनीच्या किनाऱ्यावर माझ्यावर जे ओढवले, ते आठवले की मित्रांनो, आजही माझी शिवण ताठ होते.

मला दिग्दर्शक लुस्यांने जुन्या बाजारातून आणले, ओदिल व्हासरसाठी. चौतीस वर्षांच्या ओदिलने तोवर पडद्यावर दुसऱ्यांसाठी दारे उघडली होती, सूपची भांडी आणून ठेवली होती. लुस्यांच्या या विचित्र चित्रपटात मात्र तीच नायिका. एक शब्द न बोलता गावभर चालणारी आणि शेवटी समुद्रात शिरणारी बाई. अंगावर पहिल्यापासून शेवटपर्यंत मीच. चित्रपट अडला, तर पुन्हा आपल्याला कुणी विचारणार नाही, ही तिची धास्ती मला तिच्या काखेतल्या घामावरून कळत असे.

कपडेपट सांभाळणाऱ्या मादाम झेर्मेनची तीस वर्षे नाटकात गेली होती. तिकडचे नाटकवाले हिरव्या रंगाला अपशकुनी मानून भितात. कॅमेरावाला खडकावर घसरून पाय मोडून बसला, तेव्हा तिला कारण सापडले.

"बघ! मी म्हणत होते ना? हिरवं घालून कुणी रंगमंचावर उभं राहत नाही!"

"मादाम, चित्रपट काळा-पांढरा आहे. हिरवं दिसतंय कुणाला?" ओदिल म्हणाली.

"अपशकुनाला दिसतं ना, पोरी!"

शेवटच्या दिवशी सकाळी तिने खाणावळीतल्या शिंपले उकडायच्या पातेल्यात काळा रंग उकळला. नाटकात रोजचा खेळ नवा असतो. सिनेमात काल दारातून निघालेली बाई आज त्याच कोटात किनाऱ्यावर पोचायला हवी, हे तिच्या ध्यानीच आले नाही. माझी एक बाही आत गेली आणि ओदिल धावत आली.

"काय केलंत हे!"

"तुझ्या जिवासाठीच गं. या रंगात समुद्रात शिरणार तू..." झेर्मेन मला सोडेना.

बाहेरून लुस्यां ओरडला, "ओदिल! भरती काय तुझी वाट बघणार आहे?"

फिल्म प्रसंग एकदाच टिपण्यापुरती उरली होती. दुसरा कोट नव्हता. ओदिलने माझा हिरवा कोपरा पाण्याच्या बादलीत बुडवला. भिजल्यावर तो बाहीइतकाच गडद दिसला; काळ्या-पांढऱ्या पडद्यावर फरक कळणार नव्हता. मला घेऊन ती लुस्यांकडे गेली.

"बाई समुद्रात शिरत नाही. बाहेर येते."

"डोकं फिरलंय का? ती बुडते!"

"बुडणाऱ्या बायका सगळेच दाखवतात."

लुस्यांने बाही पाहिली, आभाळ पाहिले. "जा. पण परत ये म्हणजे झालं."

बर्फासारख्या पाण्यात ती गळ्यापर्यंत गेली. मी शिशासारखा जड झालो. हिला मीच बुडवणार, या भीतीने माझे धागे आखडले. काठावर झेर्मेन छातीवर क्रूसाची खूण करत होती. मग ओदिल मला ओढत, एकेक पाऊल टाकत, बाहेर आली.

चित्रपट पॅरिसच्या एका लहान चित्रगृहात नऊ दिवस चालला. लुस्यां पुढे कॅनडात शिकवायला गेला आणि तिथेच वारला. ओदिलने असेच अकरा आडवाटेचे चित्रपट केले. नाव कुणाला आठवत नसे, पण पावाच्या दुकानात कुणीतरी विचारी, "पाण्यातून आलेल्या त्याच ना तुम्ही?" म्हाताऱ्या झेर्मेनला भेटायला ती दर रविवारी मला घालून जाई. "तो आधी बाहेर टांग!" असे झेर्मेन शेवटपर्यंत म्हणत राहिली. आता दोघीही नाहीत.

मी एका संग्रहालयाच्या खोक्यात आहे. कॉलरला कसर लागली आहे. खोली रिकामी व्हायची आहे आणि यादीत माझ्यापुढे लिहिले आहे, 'बाही डागाळलेली, टाकाऊ.' मित्रांनो, तो डाग नाही. एका घाबरलेल्या म्हातारीची माया आहे ती. जुनी वस्तू फेकण्याआधी, ती ओळखणारे कुणी उरले आहे का, एवढे तरी विचारा. माझ्या खोलीकडे पावले येत आहेत.