हाफिजाचा मेहर

बानू, तू झोपलीस की मला लिहायला मिळतं. तुझा एक पाय माझ्या मांडीवर आहे. तो हलवला तर उठशील, म्हणून तशीच अवघडून बसले आहे. झावळ्यांच्या भिंतीवर पाणी मारलंय, तेवढाच काय तो गारवा.

सकाळी तू रांगत दारापाशी गेलीस आणि "फी, फी" करत बसलीस. हाफिजाखालाला हाक मारत होतीस. ती परवाच्या बोटीने मुंबईला गेली, तिथून दाभोळला बापाच्या घरी जाईल. तू मोठी झालीस की कोणीतरी तुला सांगेल, आपल्या जमातीने तिला न्याय दिला. खोटं आहे ते. मी पडद्यामागे होते, आणि तू माझ्या कडेवर होतीस.

हाफिजाचा नवरा म्हणजे देऱ्याच्या बाजारातला कापडवाला गनीशेट. सहा वर्षांपूर्वी इथंच, दुबईत, त्यांचा निकाह झाला आणि मेहर, म्हणजे नवऱ्याने बायकोला द्यायचा पैसा, ठरला दोन हजार रुपये. तेव्हा इथे रुपयाच चालायचा. छापायचं हिंदुस्थान सरकारच, पण आखातासाठी नोटा वेगळ्या, दहाची लालभडक. इंग्रजांच्या राज्यात रुपया बसऱ्यापासून एडनपर्यंत फिरायचा, असं माझे अब्बा मिशीला पीळ देऊन सांगायचे, जणू रुपया त्यांचा पुतण्याच. राज्य गेलं, तरी रुपया इथल्या बाजारात तसाच बसून राहिला होता, निघायचं नाव न घेणाऱ्या पाहुण्यासारखा.

या सहासष्टच्या जूनमध्ये दिल्लीने त्याची किंमत उतरवली. तिसऱ्या हिश्श्याहून जास्त गेली, रात्रीत. इथे एकच गोंधळ उडाला. मग ठरलं की दुबईत आता रियाल चालणार, आणि ज्याच्याकडे लाल नोटा असतील त्याला जुन्याच भावाने रियाल मिळणार. तुझे अब्बा अजीज एका पेढीत कॅशियर आहेत. गनीशेटचा पैसा त्या पेढीतूनच फिरतो. जेवताना मला म्हणाले, "गनीशेटची पोती मीच नेली बँकेत. पैशाचंही नुकसान नाही झालं त्याचं. नशीबवान माणूस."

त्याच महिन्यात नशीबवान माणसाने हाफिजाला तलाक दिला. मूल होत नाही म्हणे. सहा वर्षं थांबला होता, आणि घाई झाली ती नेमकी त्याच महिन्यात.

इथे माहेरचं कोणी नाही, म्हणून हाफिजा एक ट्रंक घेऊन आपल्याकडे, मैत्रिणीच्या घरी, आली. पहिला दिवस ती त्या ट्रंकेवरच बसून राहिली. तू तिच्या ओढणीचं टोक तोंडात घातलंस, तेव्हा पहिल्यांदा हसली. म्हणाली, "आपा, हिला भूक लागली आहे आणि मी बसले आहे रडत." उठली आणि तुझ्यासाठी पेज केली. तिच्या हातची पेज तू वाटी चाटून खायचीस. माझ्या हातची थुंकतेस.

तिला बापाच्या दारात रिकाम्या हाताने जायचं नव्हतं. घरी दोन भावजया. मेहर हातात असला तर एक शिलाई मशीन, एक खोली, आणि कोणाचं ऐकून घ्यायला नको. एवढंच तिचं मागणं होतं. हक्काचंच, भीक नव्हे.

शुक्रवारी नमाजानंतर हमदुल्लाचाचांच्या बैठकीत माणसं जमली. चाचा आपल्या जमातीचे मोठे. हाफिजाच्या निकाहात तिच्या बाजूने बोलणारे वकील तेच होते, बाप गावी होता म्हणून. गनी होता, तुझे अब्बा होते, आणि लाँचवाले जहूरमामू होते. जहूरमामूंची पोरगी ताजबी. गनी आता तिच्याशी निकाह करणार, हे सगळ्यांना ठाऊक होतं. आम्ही दोघी पडद्यामागे.

गनीने पडद्यापुढे पाकीट टाकलं. "दोन हजार. एक रुपया कमी निघाला तर माझं नाव बदला."

हाफिजाने पडद्याखालून हात घालून ते ओढून घेतलं. बघते तर आत सगळ्या मुंबईच्या, किंमत उतरलेल्या नोटा.

"या इथल्या नाहीत," ती म्हणाली.

"रुपयेच आहेत ना? का वर मांजराचं चित्र आहे?"

पुरुष हसले. बानू, तुझे अब्बाही हसले. मी पडद्याच्या फटीतून बघितलं.

"लाल नोटा कुठे आहेत?" हाफिजाने विचारलं.

"लाल नोटा खलास! इथे आता रियाल. मेहर काय रियालमध्ये ठरला होता? रुपये कबूल केले, रुपये दिले. चाचा, चुकतंय का माझं?"

चाचांनी दाढीवरून हात फिरवला. "तसं बघितलं तर... दोन हजार म्हणजे दोन हजार."

बाजारात या नोटा कोण घेतं माहीत आहे? मुंबईला चोरून सोनं पोचवून येणाऱ्या लाँचवाल्यांकडे त्या पडून असतात, त्यांच्याकडून कोणीही पडेल भावाने उचलाव्यात. गनीने लाल नोटांचे पूर्ण रियाल केले, त्यातल्या थोड्या रियालमध्ये या दोन हजारांची थप्पी विकत घेतली आणि उरलेला पैसा खिशात टाकला. त्या खोलीतल्या प्रत्येकाला हे कळत होतं. माझ्या डोक्यात नुसती आग झाली. तू कडेवर चुळबुळ करत होतीस, तुला हाफिजाकडे दिलं आणि बोलले.

"चाचा, निकाहाच्या दिवशी या पडद्यापाशी येऊन तुम्हीच हाफिजाला विचारलंत. दोन हजार रुपये, सिक्का रायजुलवक्त, कबूल आहे का? चालू असेल ते नाणं, असंच ना? मी शेजारी बसले होते."

"कोण बोलतंय?" गनी म्हणाला. "अजीज, तुझी बायको का रे?"

तुझे अब्बा डोक्यावरची टोपी नीट करू लागले.

"होय, त्यांचीच," मी म्हटलं. "निकाहाच्या दिवशी चालू होती लाल नोट. आज चालू आहे रियाल. हे पाकिटातलं दुबईत कधी चालतं? मासळी बाजारात एक नोट देऊन बघा, मासळीवाला सुरमईच्या डोक्याने मारेल."

कोणीतरी खुदकन हसलं आणि लगेच खोकलं.

"पोरी," चाचा म्हणाले, "नाण्याची किंमत सरकार पाडतं. त्यात गनीचा काय गुन्हा? हे पैशाचे व्यवहार बायकांना समजायचे नाहीत."

"मग ज्यांना समजतात त्यांना विचारा. गनीशेटच्या लाल नोटा कोणत्या भावाने बदलल्या, ते बँकेत नेणारा माणूस इथेच बसला आहे."

मी नाव घेतलं नाही, घ्यायची गरजही नव्हती. सगळे तुझ्या अब्बांकडे वळले. बानू, माझा माणूस चांगला आहे. तुला ताप आला की रात्र रात्र खांद्यावर घेऊन फिरतो. पण त्या दिवशी त्याने चहाचा पेला उचलला, रिकामा होता तरी तोंडाला लावला, आणि म्हणाला, "गिऱ्हाइकाचं बाहेर बोलायचं नसतं."

हाफिजाने माझा हात धरला. "सोडा आपा." ती रडत नव्हती. तिने तुझं डोकं खांद्यावर घेतलं होतं आणि हळूहळू थोपटत होती.

चाचा म्हणाले, "तर मग ठरलं. हाफिजा, पैसे मिळाले असं म्हण."

"नाही मिळाले," हाफिजा म्हणाली. "मी बख्शतही नाही. मेहर त्यांच्या मानेवर ठेवून जाते."

तिने पाकीट पडद्याबाहेर सरकवलं. आपल्यात बायको मेहर माफ करते, मरताना तरी करतेच. ही माफ करत नाही असं म्हणून बोटीत बसणार होती. गनीचा चेहरा जरा उतरला, पण जराच. "जाऊ दे," तो म्हणाला, "अल्ला बघतो आहे."

तेव्हा इतका वेळ दात कोरत बसलेले जहूरमामू बोलले. "गनी, माझ्या ताजबीचा मेहर काय धरलाय आपण?"

"पाच हजार, मामू."

"पाच हजार काय?"

"म्हणजे?"

"खजूर, की उंट? काय पाच हजार?"

"रुपये, मामू. सगळे रुपयेच धरतात."

"हां." मामूंनी पाकिटाकडे बघितलं. "हे असले?"

गनीने हात लांबवून पाकीट आपल्याकडे ओढलं.

आता बघ हं बानू, काय झालं ते. हमदुल्लाचाचा ताठ बसले. दोन मिनिटांपूर्वी ज्यांना दोन हजार म्हणजे दोन हजार वाटत होतं, त्यांना एकदम आठवलं की मेहर म्हणजे कर्ज, आणि कर्ज खऱ्या किमतीने फेडावं लागतं. तुझ्या अब्बांनाही आठवलं. म्हणाले, "बँकेने जुन्या भावाने दिले, मी स्वतः होतो." गिऱ्हाइकाचं बाहेर बोलायचं नसतं, ते कुठे गेलं कोण जाणे. सगळ्यांना सगळं आठवलं, कारण विचारणारा बाप होता, समोर बसलेला, तीन लाँचींचा मालक. आम्ही दोघी मघापासून काय बोलत होतो? पडदा हलत होता, असंच वाटलं असेल त्यांना.

संध्याकाळी गनीचा माणूस रियाल घेऊन आला, पूर्ण. हाफिजाने ते घेतले, ट्रंकेत कपड्यांखाली ठेवले. म्हणाली, "आपा, हे मला नाही दिले. ताजबीच्या बापाला दाखवायला दिले." मी म्हटलं, "कसेही आले असोत, तुझेच आहेत. मशीन घे." ती हो म्हणाली, आणि तुला जवळ घेऊन इतका वेळ बसली की शेवटी तूच वैतागून तिचे केस ओढलेस.

तिला बोटीवर सोडून आल्यावर तुझे अब्बा म्हणाले, "झालं ना आता? मिळाले ना तिला? मग तोंड का फुगलंय तुझं?"

भात वाढला, कालवण वाढलं. बोलले असते तर तू उठली असतीस.

ताजबी सतरा वर्षांची आहे. तिचा मेहर आता सोन्यात ठरला आहे, मामूंनी तोळे बोलून घेतले, आणि चाचा म्हणतात, बघा, सगळ्यांचं भलं झालं. वांझ म्हणून एकीला हाकलणाऱ्या माणसाच्या घरी जायचं आहे का, हे त्या पोरीला कोणी विचारलेलं नाही. तोळे झाले की प्रश्न मिटला.

मी उद्या तिच्याकडे जाणार आहे. कडेवर तू. तुझ्या अब्बांना सांगितलं तर म्हणाले, "जायचं नाही. जहूरमामूंच्या घरात आपण बोलायचं कारण काय?"

म्हटलं, "मी ताजबीशी बोलायला जाते आहे, मामूंशी नाही."

"आणि काय सांगणार आहेस?"

"हाफिजा कशी होती ते."

ते बाहेर निघून गेले. तू पाय काढून घेतलास, उठते आहेस बहुतेक. ये, माझी राणी. पेज करते. थुंकलीस तरी आता माझ्याच हातची खावी लागेल.