अप्पारावांची कोर्टातली शेरवानी

मित्रांनो, गळ्यापर्यंत गुंड्या लावायची शेरवानी तुम्ही नवरदेवाच्या अंगावर पाहिली असेल. मी मात्र काळ्या कापडाची, कोर्टात जाणारी शेरवानी आहे. हैदराबादेत, सुलतानबाजारातल्या एका म्हाताऱ्या शिंप्याने मला शिवले. "वकीलसाब, बटन खोलके सांस नक्को लेना, रुबाब जाता," असे त्याने माझ्या धन्याला, अप्पारावांना, बजावले होते.

अप्पाराव काचीगुड्यात राहत. दिवाणी कोर्टात ते उर्दूत काम चालवत. ते बोलू लागले की शेजारच्या खोलीतले कारकून दारात येऊन उभे राहत. घरी सुशीलाबाई मला झटकून सावलीत टांगत. ते माझे सुखाचे दिवस.

मग हैदराबाद राज्याची वाटणी झाली. मराठवाडा मुंबई राज्यात गेला आणि आमचे शहर आंध्र प्रदेशात राहिले. आंध्रचे हायकोर्ट गुंटूरहून इथे आले. त्याच्याबरोबर कोट घातलेले, भराभर इंग्रजी बोलणारे वकील आले. अप्पाराव मला अंगात चढवून जात, पण बोलत कमी.

त्याच सुमारास रेल्वेतल्या सूर्यभान फिटरची मुलगी जयवंता डॉक्टरीच्या प्रवेशासाठी गेली. तिचे गुण चांगले होते. पण निवड समितीने त्या वर्षी नवाच नियम केला होता: मराठी शाळेत शिकलेले विद्यार्थी मुंबई राज्याचे समजावेत. मुलाखतीत तिला एकच प्रश्न विचारला, "तुम्ही लोक तिकडे कधी जाणार?" जयवंता काचीगुड्यातच जन्मली होती. तिला जागा नाकारली, आणि अप्पारावांनी हायकोर्टात अर्ज केला.

सुनावणीच्या दिवशी, आत जाण्यापूर्वी, कॉलेजचे वकील हळूच म्हणाले, "एक जागा काढून देतो. अर्ज मागे घ्या."

"घेऊन टाका ना, वकीलसाब," सूर्यभान म्हणाला.

हे ऐकताच माझ्या आतली अप्पारावांची धडधड मंदावली. जागा घेतली असती तर अप्पारावांना इंग्रजीत बोलावेच लागले नसते.

"आणि नियम?" जयवंताने विचारले.

अप्पाराव म्हणाले, "नियम राहील, बाळ."

"मग आपल्या शेजारची तारामती पुढल्या साली येईल. तिला कोण जागा काढून देणार?"

"डॉक्टर व्हायच्या आधीच साऱ्यांची नाडी धरायलीस," बाप कुरकुरला. "हातची जागा जाईल ना, माय."

"जाऊ द्या, अण्णा." पण पदराचा पीळ तिच्या बोटांतून सुटत नव्हता.

पुकारा झाला. अप्पाराव उभे राहिले आणि सवयीने बोलून गेले, "हुजूर, अर्ज ये है..." मागे कुणीतरी हसले. "निजाम गेले, वकीलसाहेब," कॉलेजचे वकील पुटपुटले. न्यायमूर्तींनी इंग्रजीत बोलायला सांगितले.

माझे अस्तर घामाने भिजले. त्यांचा हात गळ्याच्या गुंडीकडे गेला आणि तिथेच थांबला. त्यांचे इंग्रजी तोकडे होते. वाक्येही तोकडी आली. "ही मुलगी इथे जन्मली. इथेच शिकली. सीमा सरकली, ती जागची हलली नाही. तिची लायकी कुणी तपासलीच नाही. तिच्या शाळेची भाषा तपासली."

मग कुणी हसले नाही.

नियम रद्द झाला. पण त्या वर्षीच्या जागा भरून गेल्या होत्या. जयवंताने ते वर्ष शिकवण्या घेत काढले. पुढल्या वर्षी ती आणि तारामती एकाच दिवशी कॉलेजात गेल्या.

आता अप्पाराव नाहीत. त्यांची मुलगी सत्यवती मला कुकटपल्लीच्या घरी घेऊन आली. भेटायला येणाऱ्यांना मला दाखवून ती सांगते, "आमचे नाना कधी कुणाला भ्याले नाहीत." मग कपाट लावून घेते.

मित्रांनो, मला बोलता आले असते तर मी तिला सांगितले असते: भ्याले होते ग, पुष्कळ भ्याले होते. मी त्यांच्या छातीवर होते.

म्हणून मला डांबराच्या गोळ्यांत घालून ठेवू नका. कुणाला अन्यायाविरुद्ध पहिल्यांदाच उभे राहायचे असेल आणि पाय लटपटत असतील, तर मला त्याच्या अंगावर चढवा. बाह्या थोड्या आखूड कराव्या लागतील, एवढेच.