भिंतफोडे, उताणे आणि नुसत्या बाई

त्या कारखान्यात कुणालाच आईबापांनी ठेवलेल्या नावाने हाक मारत नसत. आईबापांनी ठेवलेल्या नावाचं काय घेऊन बसलात? पोराचं तोंडही नीट पाहिलेलं नसतं तेव्हा ते नाव ठरवून मोकळे होतात. शांत अर्थाचं नाव ठेवावं, तर पोर घर डोक्यावर घेतं. शूरवीराचं ठेवावं, तर ते झुरळाला भिऊन खाटेवर चढतं. आणि आडनाव तर त्याहून गमतीचं. लोक ते आभाळातून पडल्यासारखं मिरवतात, पण नीट उकरून पाहिलं तर खाली कुठल्यातरी खापरपणजोबाची फजितीच सापडते. या कारखान्यात निदान लपवाछपवी नव्हती. इथे फजिती ताजी असायची आणि आडनाव तिथल्या तिथे मिळायचं.

कारखाना लाकडी सामानाचा. नवा माणूस आला की पहिली मोठी चूक करेपर्यंत तो बिननावाचा. चूक झाली की त्या दिवशी चहाच्या वेळी थोरले मिस्त्री कप खाली ठेवायचे, घसा साफ करायचे आणि एकच शब्द उच्चारायचे. झालं, बारसं आटोपलं. मग त्या माणसाने कितीही हातपाय आपटले तरी उपयोग नसायचा.

भिंतफोडेंनी आतल्या खोलीत बसून एक कपाट केलं होतं. कपाट देखणं झालं, फक्त दारापेक्षा हातभर रुंद. भिंत फोडून बाहेर काढावं लागलं. उताणेंनी डुलती खुर्ची केली, तिच्यात पहिलं गिऱ्हाईक बसलं ते पाय वर करून थेट छताकडे बघत राहिलं. चिकटे सरस लावलेल्या टेबलावर कोपर टेकून विचार करत बसले होते, आणि विचार संपला तेव्हा सदऱ्याची बाही टेबलाची झाली होती.

नावं कारखान्यातच राहिली असती तर गोष्ट वेगळी. ती घरी गेली. दुकानदार "उताणेवहिनी, पिशवी आणलीत का?" असं विचारू लागला. उताण्यांच्या थोरल्या मुलाने पुढे हाडांचा दवाखाना काढला आणि पाटीवर तेच आडनाव लावलं. दवाखाना उत्तम चालतो. गिऱ्हाइकाला वाटतं, निदान हा माणूस खोटं तरी बोलत नाही.

आणि या सगळ्यांत होत्या बाई. नुसत्या बाई.

बाईंचं काम वेताचं. खुर्च्यांच्या बैठका, पाठी, टोपल्या, पडदे. वेत भिजवावा, सोलावा, ताणावा आणि विणावा, तो असा की बोट फिरवलं तरी गाठ लागू नये. बाई येऊन बरीच वर्षं झाली होती. त्यांच्यामागून आलेले दोघेजण चुकून, आडनाव घेऊन, वर नोकरी सोडूनही गेले. बाई मात्र होत्या तशाच. त्यांच्या कामाला नावं ठेवायला जागा नव्हती, आणि म्हणून त्यांना नाव ठेवता येत नव्हतं.

तुम्ही म्हणाल, बरं झालं की, सुटल्या. पण बाईंचं दुखणं निराळं होतं. बापाचं आडनाव लग्नात सुटलं. नवऱ्याचं लागलं, ते नवऱ्याबरोबर सुटलं. आता कागदोपत्री ते अजून शेपटासारखं मागे असायचं, पण कुणी त्या आडनावाने हाक मारली की बाई मागे वळून बघत नसत. परत बापाचं लावावं, तर बाप दारात उभं करत नव्हता.

"मग आपलं आडनाव काय गं?" लेकीने एकदा जेवताजेवता विचारलं होतं. लेक कॉलेजात जाणारी, जिभेला हाड नसलेली.

"बघू. मिळेल."

"मिळेल म्हणजे? बसची वाट बघतेयस का?"

बाईंनी तिच्या ताटात आणखी भात वाढला. बोलणाऱ्याचं तोंड बंद करायचा त्यांना ठाऊक असलेला तो एकमेव उपाय होता. पण लेक बोलली ते खरं होतं. बाई वाटच बघत होत्या. जन्माने मिळालेलं नाही, लग्नाने मिळालेलं नाही, आपल्या हाताने कमावलेलं एक आडनाव त्यांना हवं होतं. मग ते कितीही हास्यास्पद असो.

आणि एके दिवशी मिस्त्रींनी जाहीर केलं, "डोळे दगा देताहेत. महिनाअखेर थांबतो. मुलाकडे जाऊन राहीन म्हणतो."

सगळ्यांचे चेहरे उतरले. बाईंच्या तर पायाखालची जमीनच सरकली, कारण मिस्त्रींच्या जागी येणार होते भिंतफोडे. माणूस सोन्यासारखा, पण नाव ठेवण्याचं अंग अजिबात नाही. कारखान्यातल्या मांजराला नाव ठेवायला सांगितलं, तर दोन दिवस डोकं खाजवून त्यांनी ठरवलं, 'मांजर'. म्हणजे आता मिस्त्रींच्या हयातीत, आपलं, मिस्त्रींच्या नोकरीत चुकायला हवं होतं.

बाई चुकायच्या मागे लागल्या.

पहिल्यांदा त्यांनी एका खुर्चीच्या बैठकीत मुद्दाम एक पट्टी वाकडी नेली, या टोकापासून त्या टोकापर्यंत, आंधळ्यालाही दिसेल अशी. गिऱ्हाईक आलं, खुर्चीभोवती फिरलं आणि म्हणालं, "वा, काय नवीन नक्षी आहे. अशाच आणखी सहा द्या." बाईंनी कपाळाला हात लावला. पुढचा आठवडाभर त्या तीच चूक पुन्हा पुन्हा, अगदी बिनचूक, करत बसल्या.

मग त्यांनी पांढऱ्या पडद्याचा वेत काळ्या रंगात बुडवला. या वेळी मिस्त्रींनी तो हातात घेतला, डोळ्यांजवळ नेला, पुन्हा खाली ठेवला.

"बाई, हे मुद्दाम केलंस."

"नाही हो मिस्त्री. चुकून झालं."

"चुकून झालेला रंग इतका सारखा बसत नाही. चूक करायची नसते, ती व्हावी लागते. तू चुकतेस तेसुद्धा मापात." मिस्त्री हसले, पण मग त्यांचा आवाज खाली आला. "मला का द्यायचं नसेल तुला नाव? पण खोटं दिलं तर ते टिकणार नाही. पहिल्या धुण्यात जाईल."

बाईंनी काळा वेत उचलून बाजूला ठेवला. हात दाखवून अवलक्षण झालं होतं, ते पुरे होतं. त्या रात्री त्यांनी लेकीला सांगून टाकलं की तो विषय आता संपला. लेकीने, नवल म्हणजे, उलट उत्तर दिलं नाही.

मिस्त्रींना निरोपाची भेट म्हणून सगळ्यांनी मिळून टांगती खुर्ची करायची ठरवली. अंड्याच्या आकाराची, आत पाय पोटाशी घेऊन बसता येईल अशी. सांगाडा भिंतफोडेंनी वाकवला. दाराचं माप आधी घेतलं आहे ना, हे तिघांनी तीनदा विचारलं. पॉलिश चिकटे करणार होते. उताणेंनी खुर्ची टांगायची तयारी दाखवली, तेव्हा सगळे एकदम दुसरंच काहीतरी बोलू लागले. विणायचं काम बाईंचं. मिस्त्रींना कळू नये म्हणून सांगाडा मागच्या गोदामात तिवईवर ठेवला होता.

शेवटच्या दिवशी सकाळीच बाई गोदामात गेल्या आणि दार लोटून घेतलं. बाहेर करवत यंत्र ओरडत होतं. खालचा भाग आधीच विणून झाला होता. आता बाजू. बाहेरून विणलं की पट्ट्यांची टोकं आत येतात आणि बसणाऱ्याला टोचतात. मिस्त्रींची पाठ आधीच दुखरी. म्हणून बाई भिजवलेल्या वेताची जुडी घेऊन स्वतःच आत शिरल्या, मांडी घातली आणि आतून विणू लागल्या. टोकं सगळी बाहेर, मऊ बाजू सगळी आत.

विणता विणता मिस्त्रींचं बोलणं आठवत राहिलं. पहिल्या दिवशी वेताची पारख त्यांनीच शिकवली होती. नवऱ्याने कारखान्याच्या दारात येऊन तमाशा केला, तेव्हा हातातली पटाशी खालीही न ठेवता ते नुसते जाऊन त्याच्यासमोर उभे राहिले होते. बाईंचे डोळे भरून येत होते आणि हात चालत होते. मिस्त्रींना मानेलाही आधार हवा, म्हणून आणखी दोन ओळी. वाऱ्याची झुळूक बाधते त्यांना, म्हणून आणखी चार. हात तर इतका सुरेख बसला होता की थांबवेना.

जुडी संपली तेव्हा बाईंनी मान वर केली. समोर तोंड काढता येईल एवढं भोक होतं.

त्यांनी तोंड काढून पाहिलं. तोंड निघालं. खांदे निघाले नाहीत. कात्री तिवईपाशी खाली राहिली होती. हाक मारावी, तर लाज वाटत होती. मारलीच, तर करवत यंत्र ती गिळत होतं. बाई पुन्हा मांडी घालून बसल्या आणि कुणी आलंच तर काम चालू आहे असं वाटावं म्हणून विणलेल्या पट्ट्या उगाच चाचपू लागल्या.

चहाच्या वेळी यंत्र थांबलं. बाई दिसेनात म्हणून तिघे शोधत गोदामात आले.

"अगंबाई," उताणे म्हणाले आणि भिंतीला टेकून खाली बसले. हसून हसून त्यांना उभं राहवेना.

"तेल लावून ओढू या," चिकटे म्हणाले.

"तोडू या," भिंतफोडे म्हणाले.

"तुम्हाला तोडण्यावाचून काही सुचतं का कधी?" आतून बाई कडाडल्या.

गलका ऐकून मिस्त्री आले. डोळे बारीक करून ते खुर्चीपाशी वाकले. आतून दोन डोळे त्यांच्याकडे बघत होते.

"बाई, तू आत काय करतेस?"

"विणते आहे."

"आणि बाहेर कधी येणार?"

"तेच बघते आहे."

मिस्त्रींनी विणीवरून हात फिरवला, एकदा बाहेरून, एकदा भोकातून आत घालून. मग हळूच विचारलं, "मुद्दाम?"

"नाही हो मिस्त्री. शप्पथ. या वेळी खरंच." आणि बोलताबोलता बाईंच्या लक्षात आलं की आपण काय बोलतो आहोत.

"चहा इकडेच आणा," मिस्त्री म्हणाले, आणि एका खोक्यावर बसले.

"पिंजरे," भिंतफोडे उत्साहाने म्हणाले. जबाबदारी उद्यापासून त्यांच्यावरच येणार होती. उताणेंनी टाळ्या वाजवल्या. नाव वाईट नव्हतं, आडनाव म्हणून तर शोभत होतं. पण आत बाईंचा चेहरा पडला. रीत ती रीत. म्हणतील ते घ्यायचं, एवढं त्यांनी स्वतःशी ठरवलं होतं. तरी सगळी हयात ज्यातून सुटण्यात गेली, तेच आता दारावर लावायचं आणि लेकीच्या मागे जोडायचं होतं.

मिस्त्री मान हलवत होते. "पिंजरा दुसरा कोणीतरी बाहेरून करतो, आतल्यासाठी. त्याची टोकं आत असतात. हिने आत बसून, आपल्या हाताने विणलंय. बघ, कुठे टोचतंय का?"

त्यांनी कप खाली ठेवला. घसा साफ केला.

"घरटे," मिस्त्री म्हणाले.

कुणी हसलं नाही. बाईंनी तो शब्द आधी नुसता ओठांत म्हणून पाहिला. मग स्वतःच्या नावापुढे लावून. मग लेकीच्या नावापुढे. कुठेच ओढाताण नव्हती, चपखल बसत होता. मग त्या रडल्या, चांगल्या मोकळेपणाने रडल्या, आणि सगळ्यांनी सभ्यपणे दुसरीकडे पाहिलं.

थोड्या वेळाने चिकटे कात्री घेऊन पुढे झाले.

"घरटेबाई, मान जरा बाजूला घ्या. तीनचार पट्ट्या कापतो, म्हणजे येता येईल बाहेर."

"थांबा हो," घरटेबाई आतून म्हणाल्या. "एवढी काय घाई आहे? बसू द्या की जरा."