बंदुकीच्या आधी

"पाच माणसं आणि खुर्ची एक. तीही सचिवांनी अडवलेली," गुरुजी ताईच्या कानाशी पुटपुटले. हॉटेलच्या त्या खोलीत दोघं खिडकीच्या कट्ट्यावर कशीबशी टेकली होती. ताईला त्यांच्या कमरेची दया आली नाही. तिच्या धाकट्या बहिणीला, बारकीला, धावायला यांनीच शिकवलं. पण कारणं पुरवण्यात त्यांचा हात कुणी धरला नसता. बारकी जिंकली की बारकी जिंकली. हरली की वारा आडवा होता, बूट नवे होते, शेजारची मुलगी मोठ्यानं श्वास घेत होती.

आज दुपारी शंभर मीटरच्या उपांत्य फेरीत बारकी बंदूक वाजण्याआधीच सुटली आणि बाद झाली. तेव्हापासून खोलीत नवं कारण शिजत होतं.

"बंदूकवाल्या बाईंनी फार ताटकळत ठेवलं," बारकीचा नवरा म्हणाला. "कुणाचाही तोल जाईल. हो की नाही, ताई?"

"तुम्ही तेव्हा फोनवर होतात, भाऊजी."

"नंतर बघितलं ना."

अॅथलेटिक्स संघटनेच्या सचिवांनी घसा साफ केला. या गृहस्थांना जेवणाच्या रांगेखेरीज कुठं घाई करताना कुणी पाहिलं नव्हतं. "तक्रार ठोकू. हिनं समितीपुढे एवढंच सांगायचं, बाईंचा हात थरथरत होता. बाई घरी जातील, आणि पुढच्या संघात हिला घ्यायला आम्हाला तोंड राहील. तशीही बाईंची सद्दी संपलीच आहे."

"संपलीच आहे," गुरुजींनी री ओढली.

खाली वाकून स्वतःच्या बोटांकडे बघणाऱ्या मुलीला बाईंचा हात दिसला कुठून, हे विचारायची कुणाला गरज वाटली नाही.

बारकी पलंगावर बसून बुटाची नाडी बोटाला गुंडाळत होती. परदेशातली तीन पदकं, वर्तमानपत्रांनी ठेवलेलं 'वीज' हे नाव. गेली दोन वर्षं ही वीज कुठंच पडली नव्हती, पण घरात तो विषय निघाला की सगळ्यांना पाणी प्यायची आठवण व्हायची. ताई तरी कुठं वेगळी होती? फोनवर आपणहून विचारायची, "वारा होता का गं?" या टोळक्यात आपणही आहोत, या विचारानं तिला स्वतःचीच किळस आली.

तिनं प्रेक्षकांतून सगळं पाहिलं होतं. चुकून सुटलेली मुलगी डोकं धरते, पडद्याकडे बघते, हुज्जत घालते. बारकीनं मागं वळूनही पाहिलं नाही. सरळ आपल्या पिशवीकडे चालत गेली, भांडी घासून झाल्यासारखी. ती चाल ताईच्या ओळखीची होती. लहानपणी हरायला लागली की बारकी पत्ते विस्कटायची आणि अशीच उठून जायची. आई म्हणायची, पंख्यानं उडाले गं.

"मग ठरलं," सचिव उठले. "बाळ, सांगशील ना समितीला?"

बारकीनं नाडी सोडली. "सांगीन."

ते मात्र ताईच्या घशाखाली उतरेना. खुर्ची रिकामी झाली होती. ती उठली आणि बारकीच्या समोर जाऊन तीत बसली.

"त्या बाईंचा हात दगडासारखा होता," ती म्हणाली. "आणि पंखाही नव्हता, बारके. तू मुद्दाम सुटलीस. धावली असतीस तर शेवटची आली असतीस."