न केलेली सही

“साईन करो, शाम तक गाडी ले जाव,” कर कार्यालयातला अधिकारी तिसऱ्यांदा म्हणाला आणि त्याने जबाबाचा कागद चंपतरावांपुढे सरकवला.

कागद तेलुगूत होता. चंपतरावांना तेलुगू बाजारापुरती बोलता येई, वाचता मात्र येत नसे.

“क्या लिखा है साब?”

“तुमने जो बोला, वही.”

सकाळी तेलंगणाच्या हद्दीत शिरताच कर खात्याच्या तपासणी पथकाने त्यांची गाडी महामार्गावर अडवली होती. आत पांडुरंगराव शेठची वाळलेली मिरची होती, नागपूरहून आदिलाबादला निघालेली. कर भरलेला, बिल सोबत. पण पांढरकवड्याजवळ टायर फुटला, नवा मिळेस्तोवर रात्र झाली आणि ई-वे बिलाची, म्हणजे माल नेण्याच्या परवान्याची, मुदत मध्यरात्रीच संपली. चंपतरावांनी एवढंच सांगितलं होतं. ते सांगायला पानभर मजकूर कशाला लागावा, हे त्यांना कळेना.

दुपारी त्यांची लेक शीतल आदिलाबादच्या घरून डबा घेऊन आली. ती तेलुगू शाळेत शिकलेली. तिने कागद वाचला आणि आवाज खाली आणला.

“बाबा, तुमी माल चोरून दुसऱ्याच दुकानात उतरवाले नेऊन राह्यले होते, असं ल्हिलंय.”

चंपतरावांनी पेन टेबलावर ठेवून दिला. बाहेर येऊन शेठला फोन लावला.

“करून टाका ना सही,” पांडुरंगराव म्हणाले. “दंड मी भरतो. रोज याच लोकाईशी काम पडते आपल्याले.”

“शेठ, मी चोर हाव असं ल्हिलंय त्याच्यात.”

“कागदावर ल्हिल्यानं कोनी चोर होते काय?”

“होते, शेठ. उद्या गाडी पुन्हा धरली, त हाच कागद काढतीन.”

पलीकडून फोन ठेवला गेला.

जबाबावर सही नाही, म्हणून गाडी सुटली नाही, कार्यालयाच्या आवारातच अडकून राहिली. चौथ्या दिवशी अवकाळी गारपीट झाली. चंपतराव आवाराच्या फाटकाशी धावत आले. गजांतून दिसत होतं, ताडपत्रीचा एक कोपरा सुटून फडफडत होता.

“भाऊ, दोन मिनिटं आत जाऊ दे. दोरी बांधतो अन् येतो.”

“ऑर्डर नाही,” चौकीदार म्हणाला. गजांना धरून ते गारा थांबेपर्यंत तिथेच उभे राहिले.

दुसऱ्या दिवशी ते दामिनी वकिलांकडे गेले. शेठ कोर्टात यायला तयार नव्हते. तेव्हा गाडीमालक म्हणून अर्ज चंपतरावांच्याच नावाने झाला.

हैदराबादच्या हायकोर्टात ते मागच्या बाकावर बसले. सगळं इंग्रजीत चाललेलं. शेजारी बसलेली शीतल कानात सांगत होती.

“सरकारी वकील म्हणून राह्यले, का डायवरनं कबूल केलंय.”

न्यायाधीशांनी कागद मागवला, उलटून पाहिला आणि काही विचारलं. सरकारी वकील पानं चाळू लागले. चंपतराव शीतलकडे झुकले.

“काय इच्यारलं?”

“डायवरची सही कुठं हाय, असं.”

पुन्हा पानं चाळल्याचा आवाज. मग दामिनीबाईंनी टायरवाल्याची पावती पुढे केली. कर भरलेला आहे, काही तासांच्या उशिरावरून तो बुडवायचा हेतू दिसत नाही, असं म्हणून न्यायाधीशांनी गाडी मालासकट सोडायचा हुकूम दिला. शीतलने बापाचा हात दाबला. चंपतरावांना एकदम पाणी प्यावंसं वाटलं.

तेराव्या दिवशी गाडी मिळाली. बॅटरी उतरलेली, वरच्या पोत्यांना बुरशी. ते सरळ पांडुरंगरावांच्या आदिलाबादच्या गोदामावर गेले. हमालांनी पोती उतरवली. शेठ खुर्चीतून उठले नाहीत.

“पुढच्या खेपेले दुसरी गाडी सांगतली मी,” ते दाराबाहेर पाहत म्हणाले. “वाईट नका वाटून घेऊ, चंपतराव. तुमी कोर्टात गेले, आता ते लोक माझ्या मालावर डोळा ठेवतीन.”

अकरा वर्षं त्यांनी या शेठचा माल वाहिला होता.

ते पुन्हा गाडीवर चढले. फाटक्या पोत्यांतून सांडलेली मिरची फळ्यांच्या फटींत अडकली होती. खराट्याच्या काडीने त्यांनी ती एकेक करून काढली, ठसक्याने डोळ्यांत पाणी आलं तरी काढत राहिले. सगळी एका पोत्यात भरली, तोंड आवळून बांधलं आणि ते पोतं शेठच्या उंबऱ्याशी नेऊन ठेवलं.