सातव्या मुखाचे पाणी

मी एक जुना पाणवाटा आहे. सोरवाण डोंगराच्या माथ्यावर, झऱ्याच्या तोंडाशी बसवलेला काळा दगड. मला सात मुखे आहेत आणि प्रत्येक मुखातून एकेका गावाची चारी निघते. मित्रांनो, मी माझी थोरवी सांगायला बसलेलो नाही. माझ्या हातून एक पाप घडले, ते सांगतो.

अघिरा नावाच्या पाथरवटणीने मला घडवले. सात गावांची माती कालवून तिने माझ्या पोटात लिंपली आणि म्हणाली, "जिथं भेग पडेल तिथं आधी जा. माणसाचं तोंड बघू नकोस." तेव्हापासून कोणत्या शेताला तहान लागली, ते मला आतून कळू लागले. मी पाणी चढावरही नेत असे. ते बांध चढून वर जाताना पाहून मुले टाळ्या पिटत.

गावांच्या पाण्याच्या पाळ्यांवर लक्ष ठेवायला पाटकरीण असे. येल्दा ही त्यांतली शेवटची. हातात वेताची काठी घेऊन ती सातही चाऱ्या पायी तुडवी, पालापाचोळा काढी. मला ती 'बाबा' म्हणे.

पहिल्या मुखाचे गाव कास्वेन, अगदी जवळ. तिथल्या बायका मला तेल लावत, माळा घालत, माझ्यावर गाणी रचत. सातवे गाव तामूर पार खाली. तिथून फक्त होवेक म्हातारा वर येई, तोही भांडायला. "काय दगडोबा, झोपला होतास का? माझं अर्धं सातू कोरडं राहिलं!"

खरे सांगतो, मला गाणी आवडू लागली. गाणे लांबले की पहिले मुख जरा जास्त उघडे. आणि होवेकचा मला राग येऊ लागला.

मग एक कोरडे वर्ष आले. झऱ्याची धार करंगळीएवढी झाली. तामूरची प्रत्येक भेग मला आत टोचत होती. तरी त्यांच्या पाळीला कास्वेनच्या बायका गात बसल्या आणि मी सातवे मुख मिटून घेतले. एकदा नव्हे, लागोपाठ तीन पाळ्या. होवेकचे सातू उभे जळाले.

सातही गावे माझ्यासमोर जमली. त्यांची थोरली होती रुओमा. तिने येल्दाला पुढे बोलावले.

"तुझं माहेर कास्वेनचं," होवेक म्हणाला. "भावाच्या शेतात वळवलंस ना पाणी?"

"होवेककाका, मी चारीला हातसुद्धा लावला नाही," येल्दा म्हणाली. "माझं खरं वाटत नसेल, तर यालाच विचारा."

तशी रीतच होती. रुओमाने माझ्या काठावर हात ठेवला. "ही निर्दोष असेल तर पाणी उचल."

ओंजळभर पाणी उचलायचे होते, एवढेच. पण येल्दा निर्दोष ठरली, की मग चोर कोण? माझे तेल, माझ्या माळा, माझी गाणी! मी पाणी हलू दिले नाही.

येल्दा वाट बघत राहिली. "बाबा," ती हळूच म्हणाली, "उचल ना."

गावकऱ्यांनी तिची काठी मोडली. तिला मिठाच्या मैदानापलीकडे हाकलून दिले. त्याच वर्षी होवेकही शेत टाकून गेला. सातव्या मुखात गाळ साचला. तो काढायला कोणी उरले नव्हते.

सहाव्या वर्षी सुगीच्या सकाळी कास्वेनच्या बायकांनी नवे गाणे आणले. त्यात एक ओळ होती, 'येल्दा चोर, दगड थोर.' ती मला सोसवेना. मी सहा मुखे मिटली आणि सगळा जोर सातव्यावर घातला. गाळ फुटला. सर्वांच्या डोळ्यांदेखत पाणी धावत तामूरला गेले आणि होवेकच्या पडीक शेतात जाऊन थांबले.

रुओमाने ते पाहिले. मग माझ्याकडे वळून म्हणाली, "त्या वर्षी तूच का रे?"

मी पाणी उचलले. ओंजळभर नव्हे, तिच्या खांद्याइतके उंच. तिने माझ्या गळ्यातली माळ ओढून तोडली.

येल्दाला आणायला माणसे गेली. ती आली तेव्हा केस पांढरे झाले होते. रुओमाने नवी काठी पुढे केली. येल्दाने ती घेतली नाही.

"होवेककाका कुठं आहेत?"

"परमुलखात वारले गं. दोन वर्षं झाली."

"मरेपर्यंत मला चोरच समजत असतील," येल्दा म्हणाली. ती सातव्या मुखापाशी वाकली, आत हात घालून उरलेला गाळ काढला, हात धुतले आणि डोंगर उतरून गेली. माझ्याशी ती एक शब्दही बोलली नाही.

मित्रांनो, मला जपा, असे मी कोणत्या तोंडाने म्हणू? चाऱ्या साफ ठेवा आणि शेवटच्या शेतापर्यंत चालत जाऊन पाहा. आणि तुमच्या चुकीसाठी दुसरे कोणी मान खाली घालून उभे असेल, तर त्याच घटकेला तोंड उघडा. मला सहा वर्षे लागली. तोवर ज्याला सांगायचे होते, तो ऐकायला उरला नव्हता.