तोफमावशीची पुसलेली फीत

मी एक टेपरेकॉर्डर. दुसऱ्यांचं ऐकण्यात माझा जन्म गेला. आज थोडं माझं ऐका.

दुकानाच्या काचेमागून मला बाईंनी उचललं. बाई इतिहासाच्या प्राध्यापिका. गिरणीच्या संपावर जाडजूड ग्रंथ होते, पण त्यांत बायका दिसायच्या त्या फक्त संपकऱ्यांना डबे पोहोचवताना. "मागांवर इतक्या बायका होत्या, त्या गेल्या कुठं?" असं म्हणत बाई मला खांद्याला अडकवून घरोघर फिरल्या.

त्यांचे विभागप्रमुख हसायचे. "बायकांच्या गप्पांना इतिहास म्हणायचं?"

"पुरुषांच्या गप्पांना तुम्ही भाषण म्हणता, तेवढाच फरक," बाई म्हणायच्या.

त्या बायकांतली एक तोफमावशी. चालू मागांच्या खडखडाटातही तिचा आवाज पलीकडे पोहोचायचा. संपाची पहिली घोषणा तिचीच. पण मुकादमानं तिच्या अंगावर हात टाकला होता, आणि 'संपात फूट नको' म्हणून संपाच्याच पुढाऱ्यांनी तिला गप्प बसवलं होतं. हे मात्र तिनं माझ्यासमोर अगदी हळू सांगितलं. बाईंच्या साऱ्या मांडणीचा तोच कणा ठरणार होता.

थोड्याच दिवसांत ती धापा टाकत आली.

"बाई, पुसा ते. घरात कळलंय."

"तुमचं नाव घालणार नाही, मावशी."

"माझा आवाज अख्ख्या गल्लीला ठाऊक आहे. पुसा म्हणते ना!"

बाईंनी पुसलं. शब्द तिचे, हक्क तिचा, असं त्या मानत. ते प्रकरण वगळूनच पुस्तक निघालं, गाजलंही.

मावशी वारली, तेव्हा तिची लेक आली. "आईचा आवाज ऐकवा." बाईंनी काय झालं ते सगळं सांगितलं.

"ती पुसा म्हणाली आणि तुम्ही पुसलंत," लेक म्हणाली. "पण कुणाला भिऊन म्हणतेय, हे विचारलंत?"



लेकीनं तीच फीत लावायला सांगितली. नुसती खरखर. तिनं ती शेवटपर्यंत ऐकली आणि निघून गेली.

मग बाईंनी लिहिलं: बाईचा नकार मानायचाच, पण त्या नकारामागं कोण उभं होतं हे न नोंदवणारा इतिहास अर्धा. आज तो लेख वर्गावर्गांत शिकवतात. लेक पुन्हा आली नाही.

आता बाईही नाहीत. माझा पट्टा तुटलाय, ग्रंथालयाच्या कपाटात धूळ खात पडलोय. जाता जाता एवढंच मागतो. घरातली कुणी बोलता बोलता गप्प झाली, तर विषय बदलू नका. आधी दारात कोण येऊन उभं राहिलंय, ते बघा.